एका वर्षाचा आंबटपणा

मोतुहाऊ बेटावरची ओलीता बोलायला तिखट होती, पण किनाऱ्यावर तिला मान होता तो तिच्या चाखण्यामुळे.

प्रवाळाच्या कड्याच्या आत दिवसामागून दिवस उगवायचा, पोरं मोठी व्हायची, म्हातारी मरायची, सगळं शिस्तीत. कड्याबाहेरच्या पाण्याला ही शिस्त कधी नव्हतीच. सकाळी गेलेला कुणी संध्याकाळी परते, कुणी अकरा वर्षांनी, आणि जाणाऱ्याच्या लेखी मात्र एकच दुपार गेलेली असे. तोविया नावाचा एक तर निघायच्या आदल्या दिवशीच परत आला आणि चटईवरून स्वतःशीच भांडला.

म्हणून बाहेर जाणाऱ्याच्या नावानं पेव घालत. गुडघाभर खड्डा, केळीच्या पानांचं अस्तर, आत सोललेला नीरफणस. दरवर्षी पानं बदलायची, आतल्या गोळ्याला हात लावायचा नाही. तो आपला वर्षागणिक अधिक आंबत राही, आणि वर्षांचा दुसरा हिशेब बेटावर कुणी ठेवत नसे. माणूस परतला की होडीतच त्याच्या डोळ्यांवर फडकं बांधत. आपली माणसं एकदम म्हातारी होऊन समोर आली तर भलेभले खचतात. म्हणून आधी त्याच्या पेवातला घास त्याच्या जिभेवर ठेवायचा, मग पेवं सांभाळणाऱ्या पेवकरणीनं तोच घास चाखून मोठ्यानं वर्षं सांगायची आणि शेवटी फडकं सोडायचं.

कड्याबाहेरून परतलेल्या लोसाला पेवकरीण ओलीतानं "अकरा" सांगितलं तेव्हा लोसा ओरडली होती, "अगं, चूल पेटती ठेवून गेलेय मी!"

"विझली गं ती," ओलीता म्हणाली होती. त्यावर लोसा हसली, आणि मग रडली. पण आकड्यावर शंका तिनं घेतली नाही. ओलीताच्या आकड्यावर कुणीच घेत नसे.

ओलीताचा थोरला भाऊ फाकावे तिच्या लग्नाच्या सकाळी उडते मासे आणायला कड्याबाहेर गेला होता. "दुपारपर्यंत येतो. तोवर नवऱ्याला पळू देऊ नकोस," असं म्हणून गेला. लग्न माशांवाचून लागलं. पुढच्या वर्षी जुनी पेवकरीण वारली आणि शिंपल्याची खुरपी ओलीताच्या हाती आली. पानं बदलायला तिनं पहिल्यांदाच दादाचं पेव उघडलं. दादाला लहानपणापासून आंबट सोसत नसे. कच्ची कैरी नुसती पाहूनही तो तोंड वेडंवाकडं करी. ओलीतानं आतला गोळा काढला, तिथंच बसून सगळा खाल्ला, आणि नवा नीरफणस भरून पेव बुजवलं. मग ते दरवर्षीचंच झालं. हे कुणाला कळलं तर आपल्या एकाही पेवावर बेट विश्वास ठेवणार नाही, हे तिला ठाऊक होतं. तरी पुढच्या वर्षी ती पुन्हा खुरपी घेऊन जाई.

ओलीताला मुलगी झाली, मुलीचं लग्न झालं, ओलीताचा नवरा वारला. आणि एका सकाळी होडी परतल्याचा शंख वाजला. म्हातारा इओनाताना किनारा सांभाळायचा. त्यानं पाण्यात शिरून होडी धरली, फडकं बांधलं आणि हाताला धरून फाकावेला वाळूवर आणलं. तिशीही न गाठलेला, जसा गेला तसाच.

"ओली कुठाय? मासे फडफडतायत अजून! लग्न लागलं नाही ना?"

घासाआधी परतलेल्याशी बोलायचं नसतं. ओलीतानं पेव उघडलं आणि चिमूटभर त्याच्या जिभेवर ठेवलं. चिमूटभर स्वतःही चाखलं.

"हात्तिच्या!" फाकावे हसला. "हे तर एका वर्षाचं! हुकलं म्हणायचं लग्न. मेहुण्याला सांगा, माझा मान बाकी आहे."

किनाऱ्यावरचे लोक एकमेकांकडे पाहू लागले.

"ओलीता, आकडा," इओनाताना म्हणाला.

"एक" म्हणावं, तर फडकं सुटताच सगळी वर्षं एकदम दादाच्या डोळ्यांवर आदळणार. खरं सांगावं, तर पेव खोटं ठरणार.

"चोवीस," ती म्हणाली. "पेव खोटं आहे. दरवर्षी मीच नवं भरत होते."

"म्हणजे माझी अकरा?" लोसा पुढं आली.

"तुझी अकराच गं. खोटं हे एकच."

"ते आता आम्ही कशावरून धरायचं?"

इओनातानानं खुरपी परत मागत हात पुढं केला. ओलीतानं कमरेची खुरपी काढून त्यावर ठेवली. खुरपीची मूठ ओलीताच्या बोटांच्या आकारानं झिजली होती.

फाकावे वाळूत बसला होता. त्यानं चाचपडत हात पुढं केला.

"ओली, तू बोललीस का आत्ता?"

"मीच, दादा."

"मला वाटलं, आई."

"आई जाऊन सोळा वर्षं झाली."

त्यानं तिचा हात धरला, बोटांची जाड झालेली पेरं एकेक करून दाबून पाहिली.

"मग ते आंबट गेलं कुठं?"

"मी खाल्लं."

"चोवीस वर्षं?"

"तुला सोसत नाही ना."

"मूर्ख आहेस."

"आहेच."

इओनाताना फडक्याची गाठ सोडायला वाकला. फाकावेनं गाठीवर हात ठेवला.

"राहू दे. मासे लग्नासाठी आणलेत. नवरीच्या हातचे खातो, मग काय बघायचं ते बघू."

ओलीतानं नारळाची सोडणं पेटवली, मासे भाजले. उडत्या माशाला काटे फार. लहानपणी दादा तिला काढून द्यायचा. आता ती काढत होती आणि साफ केलेला घास त्याच्या तळव्यावर ठेवत होती. लोक पांगले. लोसा बराच वेळ लांब उभी राहिली, मग चटई घेऊन आली आणि जरा अंतर ठेवून बसली.

"मीठ कमी आहे," फाकावे म्हणाला.

"लग्नाला मासे घेऊन वेळेत यायचं होतं. मिठाचं काय ते तेव्हाच बोलला असतास."

त्यानं आणखी एक घास मागितला. गाठ सैल झाली होती. ती त्यानं स्वतःच पुन्हा आवळून घेतली.