आत्याने पाहिलेले डॉल्फिन

माझी आत्या एका सरकारी कार्यालयात टेलिफोन ऑपरेटर होती. अगदी लहानपणी गोवर येऊन तिचे डोळे गेले. पुढे ती अंधशाळेत शिकली, ब्रेल वाचायला लागली आणि आमच्या घराण्यात महिन्याच्या महिन्याला पगार आणणारी पहिली बाई ठरली. मी कॉलेजसाठी सोलापूरहून पुण्याला आले ती तिच्या मंगळवार पेठेतल्या दोन खोल्यांत, आणि सॉफ्टवेअर कंपनीत नोकरी लागल्यावरही तिथेच राहिले. सकाळी ती बुद्धवंदना म्हणायची. मी दात घासता घासता तिच्या मागून शेवटच्या ओळी पकडायची. मग दोघी आपापल्या ऑफिसला.

एके वर्षी तिच्या ऑफिसातला टेलिफोन बोर्ड काढून टाकला आणि नवं यंत्र बसवलं. फोन लावला की एक ध्वनिमुद्रित बाई सांगायची, अमक्यासाठी एक दाबा, तमक्यासाठी दोन दाबा. आत्याने घरून तिला फोन लावून पाहिला.

"आवाज गोड आहे तिचा," ती म्हणाली, "पण ऐकत नाही कुणाचं."

तिला दुसऱ्या विभागात एक खुर्ची दिली, काम काही दिलं नाही. थोड्याच महिन्यांत तिने स्वेच्छानिवृत्ती घेतली आणि घरी बसली. रेडिओ, जेवण, झोप. जी बाई पुण्यातले रस्ते पाठ असल्यासारखी चालायची, ती जिना उतरून खाली जायचंही टाळू लागली. नेमकं तेव्हाच माझं अमेरिकेला जायचं ठरलं. कंपनी वर्षभरासाठी पाठवत होती. व्हिसा झाला होता, थंडी संपली की निघायचं होतं.

"जा की," आत्या म्हणाली. "मी काय पाळण्यात आहे?"

पण हे बोलताना तिने रेडिओचा आवाज थोडा वाढवला.

एका रविवारी टीव्हीवर समुद्रातल्या प्राण्यांचा कार्यक्रम लागला होता. मी इस्त्री करत होते. निवेदन इंग्रजीत, मी अधूनमधून तिला मराठीत सांगत होते. मध्येच देवमाशाचा आवाज आला. लांबच लांब, खोल, कुणीतरी रिकाम्या घरात जड कपाट सरकवावं तसा, आणि मग एकदम बारीक होत वर जाणारा. आत्या ताठ बसली.

"आवाज मोठा कर."

आवाज संपल्यावर ती म्हणाली, "हे असतात कुठे?"

"लांब, आत्या. आपल्याकडे क्वचित कधीतरी. कोकणात डॉल्फिन असतात. होडीतून नेऊन दाखवतात."

"मग डॉल्फिन तर डॉल्फिन," ती म्हणाली. "कधी जायचं?"

मी इस्त्री बाजूला ठेवली. गेल्या कित्येक दिवसांत तिने काही मागितलं नव्हतं.

पुढच्याच आठवड्यात आम्ही स्वारगेटहून दापोलीची एसटी धरली. मी गाडी करू म्हटलं तर तिला ते नको होतं. "एसटीत माणसं बोलतात," ती म्हणाली. खिडकीजवळ बसून ती सगळा वरंधा घाट नाकाने आणि कानाने उतरली. कुठे गवत जाळलंय, कुठे पाणी वाहतंय, कुठे डोंगर अंगावर आलाय हे तिला इंजिनाच्या आवाजावरून कळत होतं. महाड सोडल्यावर हवा जड झाली. "आता गार राहिलं नाही काही," ती म्हणाली आणि स्वेटर काढून माझ्या मांडीवर ठेवला.

दापोलीला गाडी बदलून समुद्रालगतच्या एका गावात आम्ही उतरलो. माडांच्या वाडीत एका विधवा बाईंचं घर होतं, त्यातल्या दोन खोल्या त्या पाहुण्यांना देत. त्यांना सगळे काकूच म्हणत. त्यांनी आमची होडी ठरवून दिली. "सकाळी लवकर जावा," त्या म्हणाल्या, "दर्या शांत असतो तेव्हा."

सकाळी किनाऱ्यावर गेलो तेव्हा समुद्र आणि आकाश यांच्यामध्ये रेघच नव्हती. सगळं एकाच फिकट दुधाळ रंगाचं. त्या रंगात एक निळी होडी तरंगत होती, आणि नवल म्हणजे तिची सावली खाली पाण्यात न पडता हवेत पडल्यासारखी वाटत होती. होडीवाले साठीकडे झुकलेले गृहस्थ होते. आमच्याबरोबर पुण्याचंच एक जोडपं होतं. नवऱ्याच्या खांद्यावर नवाकोरा व्हिडिओ कॅमेरा.

होडीपर्यंत गुडघाभर पाण्यातून जायचं होतं. आत्याने साडी खोचली, माझा दंड धरला आणि न घाबरता पाण्यात शिरली. होडीच्या काठाला तिचा हात लागला. तेवढ्यात एक लाट आली आणि काठ तिच्या हातातून वर उचलला गेला. तिने झटक्यात हात मागे घेतला.

"ही थांबत नाही का?"

"पाण्यात हाय ना, ताई," होडीवाले म्हणाले. "हलणारच."

आत्या दोन पावलं मागे सरली. तिचा चेहरा मी कधीच असा पाहिला नव्हता. भर लक्ष्मी रस्त्यावर गर्दीतून सरळ चालणारी ती, पण तिथे पायाखालची जमीन जागच्या जागी असायची. तिला फक्त तेवढंच लागायचं. ती वळली आणि ओल्या वाळूवर जाऊन बसली.

"निघायचं का?" कॅमेरेवाले गृहस्थ म्हणाले. "ऊन चढेल."

एरवी आत्याने याचं उत्तर दिलं असतं आणि ते गृहस्थ पुण्यापर्यंत गप्प बसले असते. आज ती काहीच बोलली नाही. तेच मला जास्त लागलं. मी तिच्याजवळ बसले. म्हटलं, "राहू दे आत्या. इथूनही समुद्र ऐकू येतो." आणि हे म्हणताना मला आमच्या जिन्याच्या पायऱ्या दिसत होत्या, बंद दार दिसत होतं, आणि दाराआड वर्षभर रेडिओ.

लाटा येत होत्या, जात होत्या. थोड्या वेळाने तिने मान वर केली आणि होडीवाल्यांच्या दिशेने म्हणाली, "अहो, तुमच्या होडीला हात लावून बघू का? सगळीकडे?"

"लावा की."

ती उठली. पुन्हा पाण्यात शिरली. पुढच्या टोकापासून सुरुवात करून ती होडीच्या कडेकडेने चालू लागली. दोन्ही हात लाकडावर. होडीवाले तिच्याबरोबर चालत होते आणि तिचा हात जिथे थांबेल तिथे सांगत होते, हा नांगराचा दोर, ही फळी बसायची, हे इंजिन, जपून, तापतं. ती पाठीमागे वळसा घालून दुसऱ्या बाजूने आली. मध्ये एकदा लाट आली. होडी उचलली गेली, आणि या वेळी तिने हात सोडला नाही, हाताबरोबर तीही थोडी उचलली गेली. हसली.

"चला," ती म्हणाली. "ओळख झाली."

होडी निघाली. किनारा मागे मागे जाऊन माडांची एक हिरवट रेघ उरली, मग तीही पुसट झाली. इंजिन धडधडत होतं, बोलायचं तर ओरडावं लागत होतं. होडीवाले उभे राहून लांब बघत होते. एकाएकी त्यांनी हात केला. "ते बघा! उजव्या अंगाला!"

पाण्यातून एक पाठ वर आली, गोलाई घेत पुन्हा आत गेली. मागोमाग दुसरी. कॅमेरेवाले उठून उजवीकडे धावले, होडी कलली, आत्याने फळी घट्ट धरली. होडी त्या पाठींमागे वळली. त्या डावीकडे निघाल्या, आम्ही डावीकडे. त्या बुडाल्या, आम्ही थांबलो, पुन्हा धडधडत निघालो.

"काय चाललंय?" आत्या माझ्या कानाशी म्हणाली.

"डॉल्फिन आहेत. राखाडी रंगाचे."

"राखाडी म्हणजे चुलीतली राख?"

"हो. पण ओली."

"आणि?"

एवढी भाषा येऊनही, पाण्यातून पाणीच वर यावं आणि त्याला अंग असावं, हे कसं सांगतात ते मला माहीत नव्हतं. आत्या मोठ्याने म्हणाली, "अहो, हे यंत्र जरा बंद करता का?"

"बंद केलं तर त्यांच्या मागं जाता येणार न्हाय," होडीवाले म्हणाले. "लांब जातील ते."

"बाई, आम्ही एवढ्या लांबून बघायला आलोय," कॅमेरेवाले म्हणाले.

"मीही स्वारगेटहूनच आले," आत्या म्हणाली. "तुमचं बघून झालं असेल तर थोडं ऐकूया."

हाच तिचा खरा आवाज होता. मला इतकं बरं वाटलं की मी हसलेच. त्या गृहस्थांची बायको तोवर एक शब्द बोलली नव्हती. ती वळून म्हणाली, "करा हो बंद. तुमचंही रेकॉर्डिंग हलतंच आहे."

इंजिन थांबलं.

आधी कानात धडधड उरली. मग ती विरली आणि मोठी, ओलसर शांतता पसरली. होडी कुठेच जात नव्हती. पाणी लाकडाला हलकेच लागायचं, सुटायचं. कुणीतरी झोपेत कूस बदलावी तशी होडी मधूनच वळायची. ऊन अजून कोवळं होतं, धुकं त्यात मिसळून गेलं होतं, आणि आपण पाण्यावर आहोत की त्या उजेडातच टांगलेले आहोत हे कळत नव्हतं. किती वेळ गेला कोण जाणे. मी पुणं विसरले, अमेरिका विसरले.

मग मागच्या बाजूने आवाज आला. फुस्स.

कुणीतरी खूप वेळ धरून ठेवलेला श्वास सोडावा तसा. पाठोपाठ तसाच आत घेतलेला श्वास, छोटा, घाईचा. आत्याने मान वळवली नाही, फक्त हात माझ्या गुडघ्यावर ठेवला. फुस्स. आता डावीकडे. मग पुढे. आम्ही त्यांच्या मागे धावत होतो तोवर ते पुढे पळत होते, आणि आता आम्ही काहीच करत नव्हतो तर ते आमच्या भोवती फिरत होते. कॅमेरेवाल्यांनी कॅमेरा मांडीवर ठेवला.

"एक लहान आहे," आत्या कुजबुजली. "ऐक. मोठीचा श्वास, आणि लगेच तिला चिकटून त्याचा."

मी डोळे मिटले. आधी नुसता आवाज होता, मग खरंच तो दुहेरी झाला. एक भरदार, एक पिटुकला. ते जवळ आले. इतके जवळ की श्वास सुटला तेव्हा बारीक तुषार आमच्या तोंडावर आले, आणि त्याबरोबर असा वास की मी डोळे उघडले.

"मासळी खाल्लीय सकाळी सकाळी," आत्या म्हणाली. तिने हात पाण्यात सोडला होता. तिच्या गालावरून पाणी ओघळत होतं आणि ते सगळंच तुषारांचं नव्हतं. ती पुसत नव्हती.

हळूहळू श्वास लांब गेले. एक अगदी लांबून आला, मग नुसतं पाणी. इंजिन सुरू करा असं कुणीच म्हणत नव्हतं. शेवटी होडीवाल्यांनीच, जरा संकोचून, दोरी ओढली.

दुपारी काकू ताटं वाढत होत्या. तळलेली सुरमई, भात, सोलकढी.

"दिसले का डॉल्फिन?" त्यांनी विचारलं, आणि विचारल्यावर आत्याकडे पाहून ओशाळल्या.

"दिसले की," आत्या म्हणाली. घास बाजूला ठेवून ती सांगायला लागली. मोठी कशी सावकाश वर येते, अंग न हलवता. लहानगं कसं तिच्या उजव्या बाजूलाच राहतं, ती वळली की घाईघाईने फेरा घेतं. आमच्या होडीखालून जाताना त्यांनी लाकडाला अंग घासलं, ते तिला तळपायांत कळलं होतं. त्या होडीत मीही होते, पण मला यातलं निम्मंही माहीत नव्हतं. काकू हातात पळी धरून तशाच उभ्या.

"तुम्ही तर रोज बघत असाल," आत्या म्हणाली.

"कुठलं हो. लग्न होऊन आले तेव्हापास्न इथंच हाय, पण होडीत पाय ठेवला न्हाय कधी. आमचे हे जायचे दर्यात. बायकांनी बसायचं न्हाय म्हणायचे."

"आता कोण म्हणतं?"

काकू विचारात पडल्या. "आता कोणच न्हाय," त्या म्हणाल्या.

"मग उद्या चला."

दुसऱ्या दिवशी आमची परतीची एसटी होती. ती आम्ही चुकवली. सकाळी काकू ठेवणीतलं लुगडं नेसून वाळूवर उभ्या, आणि पाण्याजवळ जाताच मागे सरायला लागल्या. आत्याने त्यांचा हात धरला आणि होडीच्या काठावर ठेवला.

"आधी ओळख करून घ्या," ती म्हणाली.

मीही चपला काढल्या होत्या. तर आत्या वळून म्हणाली, "तू कुठे? मासळी सुकत घातलीय काकूंनी. कावळ्यांवर कोण लक्ष ठेवणार?"

मी काठी घेऊन अंगणात बसले. मासळीवर ऊन चढत होतं. माडांच्या फटीतून होडी दिसत होती. साडीचा एक आणि लुगड्याचा एक असे दोन ठिपके फळीवर शेजारी शेजारी, मग एकच ठिपका, मग उजेडाशी एकरंग झालेलं काहीतरी. इंजिनचा आवाज बारीक होत गेला आणि एकदम थांबला. तिथे, जिथे काहीच दिसत नव्हतं, त्यांनी यंत्र बंद करायला लावलं होतं. मी काठी मांडीवर ठेवली आणि तशीच त्या पांढऱ्या पाण्याकडे बघत राहिले. कावळ्यांनी दोन मांदेली नेली ते मला काकू परत आल्यावरच कळलं.