वेळ घातल्याशिवाय सही नाही

चौलात आमच्या वाडीला लागूनच रत्नपालभावजी आणि त्यांच्या जयमालाचं घर. मधे कुंपण आहे, पण ते कोंबड्यांसाठी. बातम्यांना त्याची आडकाठी नाही.

भावजी अलिबागला एका सरकारी महामंडळात आवक-जावकच्या टेबलावर. आलेल्या प्रत्येक कागदावर नंबर, तारीख, वेळ आणि सही. वर्षानुवर्षं हेच करून हाताला असं वळण लागलं की घरीही सुटेना. माझ्या शिवानीच्या लग्नाची पत्रिका दिली, तर पाकिटावर लिहिलं, 'मिळाली, सायं. ६.१०', आणि खाली झोकदार सही.

"भावजी, नंबर राहिला की!"

"नंबर ऑफिसात, वहिनी. घरी नुसती वेळ."

ही गोष्ट मी गावभर केली, हे कबूल. शेवटी बायजा मासेवालीसुद्धा बोंबील मोजताना म्हणायला लागली, "घे रं भाऊ, सई कर, टायम पन घाल!"

पाच वर्षांपूर्वी कार्यालयात अधीक्षकाची जागा निघाली. निवड गुणवत्तेवर. भावजी सगळ्यांत जुने, अहवाल 'उत्कृष्ट'चे. जागा मिळाली श्रेयसला, ज्याला टिपणी लिहायला भावजींनीच शिकवलं. कारण काय, तर एका वर्षाच्या गोपनीय अहवालात वरच्या साहेबांचा शेरा होता, 'साधारण. पुढाकार नाही.' भावजींनी तो तेव्हा पहिल्यांदा ऐकला आणि सरळ हायकोर्टात गेले.

मी कुंपणावरून म्हटलं, "काय भावजी, पुढाकार नाही म्हणे? जयमाला तर हे लग्नापासून सांगतेय!"

ते हसले नाहीत. "वहिनी, खुर्ची नाही मिळाली तरी चालेल. पण इतक्या वर्षांच्या नोकरीनंतर हा शेरा घेऊन घरी बसायचं?"

ही गोष्ट मात्र मी कुणाला सांगितली नाही. आमच्या आळीत हीसुद्धा बातमीच झाली.

मग महामंडळानं कोर्टात एक कागद काढला. शेरा यांना तेव्हाच लेखी कळवला होता, ही पोच, ही यांची सही. मुदतीत हरकत घेतली नाही, आता तक्रार कसली? सगळी केस त्या एका कागदावर येऊन अडकली. जयमाला त्याची नक्कल घेऊन आमच्या पडवीत बसली होती.

"सही अगदी ह्यांच्यासारखी आहे गं, कोकिळा. आता ह्यांनाच वाटायला लागलंय, आपणच घेतलं असेल पत्र आणि विसरलो असू. रात्रभर कूस बदलत असतात."

तिला जरा हसवावं म्हणून मी सवयीनं विचारलं, "वेळ किती घातलीय?"

जयमालानं कागद बघितला. उलटा करून बघितला. मग माझ्याकडे बघितलं. वेळ नव्हतीच! नंबरही नव्हता. नुसती सही, कुणा परक्यानं केल्यासारखी.

"अहो!" अशी हाक मारत ती धावली. कुंपणाचं फाटकही उघडं टाकलं. माझ्या दोन कोंबड्या तिच्या मागोमाग गेल्या.

पुढचं वकील सुचिताताईंनी केलं. भावजींनी सही केलेल्या जुन्या पोचपावत्या महामंडळाच्याच फायलींतून मागवल्या. एकूण एक पावतीवर वेळ. शिवानीच्या पत्रिकेचं ते पाकीटही मी जयमालाकडून मागून पुराव्याला दिलं होतं. ते ताईंनी हसून परत केलं. कोर्टानं सांगितलं, पत्र पोचल्याचं सिद्ध होत नाही. न कळवलेला शेरा धरून बढती अडवता येणार नाही. तो वगळून पुन्हा विचार करा. ती सही कुणाची, ते अजून कळलेलं नाही. माझे प्रयत्न चालू आहेत.

गेल्या महिन्यात, निवृत्तीला नऊ महिने उरले असताना, बढतीचा आदेश आला. अधीक्षकाची दुसरी जागा रिकामी होती, त्यामुळे श्रेयसचीही खुर्ची शाबूत. भावजी त्या दिवशी रजेवर, म्हणून आदेश घेऊन तोच स्कूटरवरून घरी आला. मी तेव्हा कुंपणाशी अगदी योगायोगानं उभी होते.

"सर, पोच द्या," तो म्हणाला.

भावजींनी सही केली, पण घड्याळाकडे बघायचं भान नव्हतं. कागद तसाच परत द्यायला निघाले.

"बारा वाजून वीस!" मी कुंपणावरून ओरडले.

त्यांनी कागद मागे घेतला आणि वेळ घातली.

जेवणं झाल्यावर मी मिक्सरवर खोबऱ्याचं वाटण काढत होते. मधेच मिक्सर थांबवला, तर पलीकडच्या ओटीवरून घोरणं ऐकू आलं. पाच वर्षांत भावजी सुट्टीच्या दिवशीही दुपारचे कधी आडवे झाले नव्हते.

मी मिक्सर पुन्हा लावला नाही, उरलेलं खोबरं पाट्यावर घेतलं.