जरीच्या साडीतलं चित्रण

शॉट संपला की आमच्या दिग्दर्शिका बाई ‘कट’ म्हणत नसत. ‘झालं हं, बाई,’ म्हणत, तेही इतकं हळू की पुष्कळदा कॅमेरामनला ऐकूच जायचं नाही आणि फिल्म फुकट जायची. तो चिडायचा. त्या म्हणायच्या, ‘ओरडलं की माणूस दचकतो. मग पुढच्या वेळी आधीच दचकून बसतो.’

तुम्ही मासिकांत दिग्दर्शकांचे फोटो पाहिले असतील, गॉगल, टोपी, हातात कर्णा. या सुती साडीतल्या, जाड चष्म्याच्या, उन्हानं नाक सोललेल्या. मुंबईत टीव्ही येऊन दोनतीन वर्षं झाली होती. आमच्या सोलापुरात तो अजून पोचायचा होता. बरीच वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढल्यावर बाईंना स्वतःचा पहिला माहितीपट मिळाला होता, आमच्या पूर्व भागातल्या विड्या वळणाऱ्या बायकांवर. मी नुकतीच बी.ए. झालेली. त्या बायका तेलुगू बोलणाऱ्या; माझ्याही घरी तेलुगू, शाळा कॉन्व्हेंटची, तेव्हा दुभाषी म्हणून मला घेतलं. खरं तर मी सगळ्याच भाषांत गप्प असायचे. त्यांना ते चाललं.

पहिल्या दिवशी त्यांच्यातल्याच एका नरसम्माच्या अंगणात पोचलो आणि कॅमेरामन हसायलाच लागला. नरसम्मा आणि तिच्या शेजारणी लग्नातल्या जरीच्या साड्या नेसून, गजरे माळून ओळीनं बसल्या होत्या. तेंदूची पानं, तंबाखू, सुपं, सगळं गायब. पाहुणे येणार म्हणून घर आवरावं तसं त्यांनी काम आवरून ठेवलं होतं.

‘विड्यांची फिल्म आहे की लग्नाची?’ कॅमेरामन मला म्हणाला. ‘रोजच्या साड्या नेसायला सांगा.’

मी तेलुगूत वाक्य जुळवू लागले. नरसम्माला मात्र मराठी कळत होतं.

‘रोजच्या साडीत रोजच बसतो की आमी,’ ती म्हणाली. ‘फोटू एकदाच निघतो.’

बाईंनी कॅमेरामनला हातानं थांबवलं. मग म्हणाल्या, ‘साडी राहू द्या. सूप तेवढं आणा.’

जरीच्या काठावर सूप, आणि त्यात पान कापणारी, तंबाखू भरणारी, दोरा गुंडाळणारी तपकिरी बोटं. या बायकांना मी लहानपणापासून येता-जाता बघत होते. त्या दिवशी उभी राहून बघितलं.

मुंबईच्या टीव्ही केंद्रातल्या साहेबांना ते पटलं नाही. कामगार बायका अशा दिसत नाहीत, लोक हसतील. पुन्हा चित्रण करा, नाहीतर ही फिल्म दाखवणार नाही आणि दुसरी मिळणार नाही. महिन्याभरानं बाई परत आल्या. नरसम्माच्या ओट्यावर बसून त्यांनी हे जसंच्या तसं सांगितलं. मागितलं काहीच नाही.

नरसम्मा आत गेली आणि विटकी, खांद्यावर ठिगळ असलेली साडी नेसून आली.

‘तुमचं काम जातंय नव्हं? काढा आता.’

कॅमेरामननं झटकन कॅमेरा लावला. ती फिल्म बाईंना किती हवी होती, हे मी त्यांच्यासोबत उन्हातान्हात हिंडून पाहिलेलं होतं. त्या उठल्या आणि त्यांनी स्वतःच्या हातानं लेन्सवर झाकण बसवलं.

‘नको,’ म्हणाल्या. ‘आधीची आहे तीच राहील.’

संध्याकाळच्या गाडीनं त्या गेल्या, त्या पुन्हा सोलापुरात आल्या नाहीत. त्यांना दुसरं काम मिळालं नाही असं कानावर आलं. नरसम्मा रस्त्यात भेटली की विचारायची, ‘बाईंचं काय झालं गं?’ मी ‘कळलं की सांगते’ म्हणून पुढे निघायचे.

एका मे महिन्यात मुंबईची मामेबहीण आली. जेवताना म्हणाली, ‘काय गं, तुमच्याकडे बायका जरीच्या साड्या नेसून विड्या वळतात? टीव्हीवर दाखवलं मागच्या आठवड्यात.’

बाईंनी कुणाकुणाशी भांडून ते करवून घेतलं असेल, मला आजही माहीत नाही.

‘हो,’ मी म्हटलं, ‘आणि गजरेही माळतात.’

पानावरून तशीच उठले, हात धुतला आणि नरसम्माच्या घराकडे निघाले.