मराठी बोलणारं अस्वल

सासूबाई पहिल्यांदा जर्मनीला आल्या तेव्हा फेब्रुवारी चालू होता आणि त्यांना फक्त एकच गोष्ट बघायची होती, बर्फातले डोंगर. मी त्यांना बरंच काही दाखवलं. इंगोलश्टाटचा किल्ला दाखवला, डॅन्यूब दाखवली, म्युनिकची दोन संग्रहालयं दाखवली आणि प्रत्येक ठिकाणी सविस्तर माहितीही दिली. माहिती देणं हा माझा स्वभाव आहे. मी ब्रेकवर काम करणारा इंजिनियर आहे. गाडी कशी थांबते हे मी कुणालाही सांगू शकतो, पण मला स्वतःला थांबता येत नाही, असं बायको म्हणते.

ऑफिसात माझ्या शेजारी बसणारा सहकारी आल्प्सच्या पायथ्याच्या एका खेड्यातला. दरवर्षी या दिवसांत तो सुट्टी टाकून गावी जातो. तिथे उपवासाचा काळ सुरू होण्याआधी गावातले पुरुष लाकडी मुखवटे घालून, कमरेला गुरांच्या घंटा बांधून रस्त्यातून उड्या मारत फिरतात. थंडीला पळवून लावायचं आणि जमिनीला जागं करायचं, असा पूर्वापार समज. मुखवटे पणजोबांच्या काळापासूनचे, आणि मोडलेले दुरुस्त करणारा, नवे कोरणारा गावातला माणूस म्हणजे या सहकाऱ्याचे वडील. "सासूबाईंना घेऊन ये," तो म्हणाला. "डोंगर पण बघतील, आमचा वेडेपणा पण बघतील."

गाडीत मी सासूबाईंना मुखवट्यांबद्दल सगळं सांगितलं. लिंडेनचं लाकूड का वापरतात, ते आतून किती पातळ कोरावं लागतं, घंटांचा नाद आणि प्राचीन माणसाची भीती. सासूबाई मागच्या सीटवर खिडकीला नाक लावून बसल्या होत्या. मधूनच म्हणाल्या, "आमच्याकडे बोहाड्यात..." पण तेवढ्यात मला शेतीसंस्कृतीवरचा एक मुद्दा आठवला.

त्यांचं माहेर जव्हारच्या बाजूचं. तिकडे बोहाड्याला देवांची, राक्षसांची सोंगं निघतात, संबळ-पिपाणीवर नाचतात, एवढं मला ऐकून माहीत होतं. जास्त विचारलं नव्हतं.

आम्ही पोचलो तर सहकारी रस्त्यावरच वाट बघत होता, आणि त्याचा चेहरा पडलेला. दरवर्षी अस्वल होणाऱ्या त्याच्या चुलतभावाची बिअरचं खोकं उचलताना पाठ धरली होती. अस्वलाशिवाय मिरवणूक निघत नाही. त्याने मला बाजूला घेतलं आणि गोठ्यात नेलं. तिथे त्याचे वडील उभे होते, हिरवी टोपी घातलेले, ओठ घट्ट मिटलेले. त्यांनी मला डोक्यापासून पोटापर्यंत पाहिलं, पोटापाशी जरा थांबले, आणि म्हणाले, "पास्ट." म्हणजे चालेल.

"पण मी तर बाहेरचा..." मी म्हटलं.

"मुखवट्याच्या मागे कोण आहे हे आमच्यात कुणी विचारतच नाही," सहकारी म्हणाला. "फक्त तुझ्या आवाजात बोलायचं नाही. बोलायचंच झालं तर आवाज असा वर चढवून, चिरका. गेनाऊ?"

"गेनाऊ," मी चिरक्या आवाजात म्हणालो. गेनाऊ म्हणजे अगदी बरोबर. तेवढ्यात गोठ्यातली गाय उठून उभी राहिली.

बायकोला मी मेसेज केला, 'मी अस्वल आहे. आईंना सांगू नकोस.' तिचं उत्तर आलं, 'बरं.' तिने आणखी काहीच विचारलं नाही, याचं मला आजही थोडं वाईट वाटतं.

मला मेंढीची कातडी गुंडाळली, कमरेला दोर बांधला आणि डोक्यावर तो मुखवटा चढवला. आतून जुनं लाकूड, शिळी बिअर आणि माझ्याआधीच्या सगळ्या अस्वलांचा घाम यांचा एकत्र वास येत होता. डोळ्यांच्या भोकांतून जग दोन लहान बशांएवढं दिसत होतं. सहकारी झाला दरवेशी. तो दोर ओढणार, मी गुरगुरणार, नाचणार, लोकांच्या हातातले क्राप्फेन पळवणार. क्राप्फेन म्हणजे जॅम भरलेले तळलेले गोळे. ते मुखवट्याच्या तोंडातून आत जातात, पण पुढे माझ्या तोंडापर्यंत पोचत नाहीत, हनुवटीपाशीच राहतात, हे मला दुसऱ्या क्राप्फेनला कळलं.

खरं सांगतो, मजा आली. ऑफिसात मी प्रेझेंटेशन देतो तेव्हा लोक फोन बघतात. इथे मी नुसतं "ग्रर्र" केलं तरी धट्टीकट्टी माणसं किंचाळत मागे सरत होती. घंटावाले पुढे उड्या मारत होते, डोंगर मागे पांढरेशुभ्र उभे होते, आणि मी ढुंगण हलवत चाललो होतो.

चौकात सासूबाई दिसल्या. नऊवारीवर माझंच जुनं जाकीट, डोक्याला मफलर. बायको चहा आणायला गेली होती, त्या एकट्याच. सहकाऱ्याला वाटलं, पाहुण्यांचा मान ठेवावा. त्याने मला दोराने ओढून थेट त्यांच्यासमोर उभं केलं. मी दोन्ही पंजे वर करून गुरगुरलो.

सासूबाई जराही घाबरल्या नाहीत. पर्स उघडली, कुंकवाची डबी काढली, आणि अस्वलाच्या नाकावर, कपाळावर ठसठशीत कुंकू लावलं. मग बूट काढून, भर बर्फात, वाकून माझ्या पाया पडल्या.

मी गारठलो. सासू जावयाच्या पाया पडते म्हणजे काय! मागे सरकायला गेलो तर दोर सहकाऱ्याच्या हातात. तेवढ्यात गर्दीतून त्याचे वडील तरातरा आले. त्या पणजोबांच्या मुखवट्याला लाल रंग! त्यांनी बव्हेरियन बोलीत काहीतरी जोरात विचारलं. सासूबाईंना वाटलं, यांनाही हवंय. त्यांनी "घ्या ना" म्हणत त्यांच्या कपाळालाही टिळा लावला.

म्हातारबाबांनी तोच प्रश्न पुन्हा, आणखी जोरात विचारला. तिथे दोन्ही भाषा येणारा एकच जीव होता, आणि तो अस्वल होता.

"मावशी," मी चिरक्या आवाजात म्हणालो, "ते विचारतायत, हे काय लावलंत?"

"अगं बाई! मराठी?" सासूबाईंनी कमरेवर हात ठेवले. "सांग त्यांना, सोंगाला मान दिला. आमच्याकडे सोंग दारात आलं की पूजा करतात."

मी ते तसंच चिरक्या आवाजात जर्मनमध्ये सांगितलं. म्हातारबाबांनी कपाळाला बोट लावून बघितलं, बोटाचा वास घेतला आणि हळूच मान डोलावली.

"कुठलं म्हणायचं हे अस्वल?" सासूबाईंनी विचारलं.

"साताऱ्याचं," मी थाप मारली.

"साताऱ्यात कुठं?"

"वाईच्या अलीकडे."

"लग्न झालंय?"

"हो."

"सासू आहे?"

"आहे. चांगली आहे."

"तिला बोलू देतोस का कधी?"

माझ्या हनुवटीवरून जॅमचा ओघळ गळ्यात उतरला.

"आमचे जावई आहेत ना," त्या माझ्या पंजावर हात ठेवून सांगू लागल्या, "देवमाणूस. पण फार माहिती देतात रे. मी डोंगर बघते तर हे डोंगराची उंची सांगतात. नदी बघते तर ती कुठं जाते ते सांगतात. अरे जाऊ दे ना तिला जायचं तिथं! मी जन्मभर मुखवटे बघत आले, मला गाडीत मुखवटा म्हणजे काय ते सांगत होते."

मी गुरगुरलो. दुसरं काय करणार?

तेवढ्यात बायको चहा घेऊन आली, तिने एकदा माझ्याकडे, एकदा आईकडे बघितलं आणि चहा सांडेपर्यंत हसली.

मिरवणूक संपल्यावर मी सहकाऱ्याच्या घरी तोंड धुऊन, केस विंचरून, काहीच न झाल्यासारखा सासूबाईंसमोर गेलो. "अहो आई, मी जरा पार्किंग बघायला गेलो होतो," म्हटलं.

"हो का," त्या म्हणाल्या. "जावईबापू, गळ्याला जॅम लागलाय."

मी खुर्चीत बसलोच. "म्हणजे तुम्ही ओळखलं होतं? मग पाया कशाला पडलात?"

"मी अस्वलाच्या पाया पडले, तुमच्या नाही. माझा भाऊ नरसिंहाचं सोंग घ्यायचा. अख्ख्या गावाला माहीत, आत कोण आहे. माझी आईसुद्धा त्याच्या पाया पडायची, आणि घरी आला की त्यालाच पाणी भरायला लावायची. तोंडावर मुखवटा आहे तोवर तो तो नसतो. आणि सोंगाशी मनातलं बोलता येतं. जावयाशी येतं का?"

यावर माझ्याकडे माहिती नव्हती.

म्हातारबाबा टिळ्यासकट आम्हाला त्यांच्या कामाच्या खोलीत घेऊन गेले. कुंकू पुसणार नाही, म्हणाले; सण संपेपर्यंत मुखवट्याला पाणी लावत नाहीत. भिंतीभर चेहरे टांगलेले होते, आनंदी, रडके, वाकड्या नाकाचे. सासूबाई एका दात पडलेल्या म्हातारीच्या चेहऱ्यापुढे थांबल्या. म्हातारबाबांनी तो खाली काढला, आतली धूळ बाहीने पुसली आणि त्यांच्या हातात दिला. बायकांना देत नाहीत म्हणे, सहकारी माझ्या कानात कुजबुजला. बाबांनी तो परत मागितला नाही.

सासूबाईंनी तो चेहऱ्यावर धरला आणि चिरक्या आवाजात म्हणाल्या, "काय हो, चहा मिळेल का इथं?"

बाबांनी भिंतीवरून एक सैतान उतरवून तोंडाला लावला आणि तितक्याच चिरक्या आवाजात त्यांच्या बोलीत उत्तर दिलं. मग सासूबाई काहीतरी बोलल्या, मग ते. बराच वेळ चाललं. ते घंटांबद्दल बोलत होते, त्या आपल्या भावाबद्दल. मधेच दोघंही एकदम हसले. मला दोन्ही बाजू समजत होत्या. बायकोने माझा हात दाबला, आणि मी भाषांतर केलं नाही.