नवरंगाची शीळ अन् उकंड्याची भाकर

राजेहो, बंडी हाकनाऱ्याच्या पाठीले कुबड येते अन् तोंडाले किस्से. दिवसभर बैलाच्या शेपटीकडं पाहत बसलेला मानूस दुसरं करन तरी काय? एक किस्सा सांगाले घेतला का त्याच्यामागून दुसरा निघते, अन् सांगता सांगता चिलीम इझून जाते. म्हनून आज फक्त नवरंगाचे सांगतो. त्या दिवसातले, जवा विलायतेले कापूस पुरत नव्हता, अकोल्यात घराएवढ्या कापसाच्या गंज्या लागत होत्या, अन् रेल आपल्या वऱ्हाडाकडं सरकत येऊन राहिली होती.

थंडीत आमी अमरावतीकडचा कापूस वाहत होतो अन् उन्हाळ्यात सेमाडोहच्या जंगलातून रेलसाठी रुळाखालचे सागाचे स्लीपर अकोल्याले आनत होतो. जंगलात वाघ, म्हनून आमची रीत अशी का एकटी बंडी कोनी हाकाची नाई. गेले तर सारे, राहिले तर सारे. केवा निघाचं ते ठरवाचं मुकादमानं. आमचा मुकादम झिंगराजी. अन् त्या साली रांगेत शेवटची बंडी होती उकंड्याची.

त्याच्या आधीचे भाऊ जगले नाई. मंग मायनं याले जलमल्या जलमल्या उकिरड्यावर ठेवून उचलला, देवाले वाटाव का हा फेकलेला हाय. म्हनून नाव उकंडा. तो जगला. पन त्याचं सोताचं पहिलं लेकरू गेलं, अन् ते गेलं तवा हा आमच्यासंगं जंगलात होता. आता त्याच्या बायकोचे, सरूचे, पुन्हा दिवस भरत आले होते. अकोल्यात, जुन्या शहरात, मोर्णेच्या काठी ती अन् एक आंधळी सासू. निघताना सरू त्याले एवढंच म्हने, "या खेपेले घरी असजा."

त्यानं हाव म्हटलं. अन् सेमाडोहले पोचल्यापासून तो दिवस मोजून राहिला होता. मिरग तोंडावर आला होता. एकदा सिपना नदी भरली का सेमाडोहची वाट बंद. मंग बसा पोळ्यापर्यंत जंगलात.

*

पहिल्याच सांजीले शीळ ऐकू आली. दोन सुरांची, साफ. पहिला सूर वर जाये अन् दुसरा खाली उतरे, जसं कोनी दुरून जोडीदाराले बलावून राहिलं. झाडीत मानूस तर दिसेना.

"चोर हायेत," सुपाजी म्हने. सुपाजी आमच्यातला सगळ्यात धिप्पाड, अन् सगळ्यात भित्रा. "आपल्याले घेरून राहिले."

आमी बंड्यायच्या उभाऱ्या, बाजूचे उभे दांडके, उपसून हातात घेतल्या. झिंगराजी ओरडला, "कोन हाय बे? हिंमत असन तर समोर ये."

झाडीतून शीळ आली.

"पाहा," सुपाजी म्हने, "उत्तर देऊन राहिला. अन् काही घाई नाई त्याले. हा त्यायचा सरदार असन."

अंधार पडला तशी शीळ थांबली. त्यानं तर आमाले जास्तच भेव वाटलं. उजाडता उजाडता पुन्हा शीळ, अन् या बारीले बंडीच्या खालून. सुपाजी होता तिथंच भुईवर आडवा झाला. मी वाकून पाहिलं, तर साळुंकीएवढं एक पाखरू टुनटुन उड्या मारत, पाला उलटून किडे येचून राहिलं होतं.

"सुपाजी, ऊठ," मी म्हटलं, "तुहा सरदार न्याहारी करून राहिला."

*

पाखरू उडालं अन् भांडन लागलं. मी म्हटलं पाठ हिरवी. सुपाजी उताना पडला होता, त्याच्या डोक्यावरून ते उडालं, तर तो म्हने बूड लाल, कुंकवावानी. झिंगराजी म्हने पंख निळे. उकंडा म्हने डोळ्यावरून काळा पट्टा अन् शेपटी तर नाईच. मानसं चार अन् पाखरंबी चार झाले. एकमेकायले आंधळं म्हनून झालं.

कोरकू लोक स्लीपर कापाले येत होते, त्यायले विचारलं तर ते हासाले लागले. एकच पाखरू हाय म्हने, नवरंग. पान्याच्या थोडं आधी येते. पहिले तुरळक बोलते, अन् पानी टेकलं का बोलनं थांबवत नाई.

झिंगराजीले पटेना. त्याचा भरवसा कापसाच्या तेजीनं खाल्ला होता. त्या दिवसात लोक वजन वाढवाले गठडीवर पानी मारत, आत गोटे भरत. एका गठडीतून तर त्याच्या हाताले फुटकं जातं लागलं होतं. तवापासून तो कोपरापर्यंत हात घातल्याबिगर काही मानत नव्हता. लगनाच्या पंगतीत बुंदी आली तरी खालून काढून पाहे.

त्यानं टोपली लावून नवरंग धरला. अंगठ्याले थुका लावून निळं पीस घासलं. मंग हिरवं घासलं. मंग लाल घासाले गेला तर पाखरानं असा चावा घेतला का झिंगराजी अंगठा तोंडात घालून खाली बसला.

"माल खरा हाय," तो म्हने.

*

धरलाच हाय तर रेलच्या साहेबाले भेट देऊ, असं ठरलं. आता त्याले खाऊ काय घालाचं? बंडीवाल्याले एकच खुराक ठाऊक, सरकी. बैल खाते म्हंजे सारं जग खाते. आमी चांगली भिजवून टोपलीखाली सारली. पाखरानं तिच्याकडं पाहिलंबी नाई. ज्वारी टाकली, तरी नाई. सकाऊन पाहतो तर ते पिसं फुगवून गोळा होऊन बसलेलं, अन् डोळे मिटून राहिलं.

उकंडा टोपलीपासून उठेना.

"मरन ते," तो म्हने. "याची मादी कुठंतरी घरटं करून वाट पाहत असन. अन् हा इथं अडकला."

तो पाखराचं बोलून राहिला होता का आपलं, ते साऱ्यायले समजत होतं.

मंग मलेच आठोलं का हा पाला उलटून किडे खात होता. सुपाजीनं एक जुनं वारूळ फोडलं अन् वाळवी आनून टाकली. नवरंगानं एक डोळा उघडला, अन् पाहता पाहता सारी साफ केली. त्या दिवशी आमच्या रांगेतले मोठमोठ्या मिशावाले गडी नाल्यात बसून गांडुळं उकरत होते. "माह्यावालं जाड हाय, हे पहिले दे," यावरून दोघं हातघाईवर आले.

दुसऱ्या दिवशी टोपली उलटी पडली होती. पाखरू नाई. झिंगराजीनं साऱ्यायकडं पाहिलं. उकंडा बैलाची पाठ खाजवत होता.

"वारा सुटला होता," सुपाजी म्हने.

जंगलात तवा पानबी हालत नव्हतं.

*

उकंडा रोज मुकादमाले म्हने, "निघू आता." झिंगराजी म्हने, "स्लीपर भरल्याबिगर नाई. अन् पान्याचं म्हनशीन, तर नवरंग एकसारखा बोलाले लागन तवा पाहू."

एकदा आमी लाकूड रचून राहिलो होतो, डोक्यावर ऊन, अन् शीळ आली. पुन्हा आली. पुन्हा. सुपाजीनं तर जू खांद्यावर घेतलं. पन झिंगराजी काठी घेऊन सरळ झाडीत घुसला अन् वारुळामागून उकंड्याले कान धरून बाहेर आनलं. दोन बोटं अजून त्याच्या तोंडातच होते.

"लेका उकंड्या, नवरंग सकाऊन बोलते अन् सांजीले बोलते. भर दुपारी कोन्या बापाचा नवरंग बोलते बे?"

सारे हासले. उकंडाबी हासला. मंग बंडीच्या आड गेला अन् तोंडावर दुपट्टा घेऊन रडला. मी त्याच्यापाशी जाऊन बसलो. आता तो खोटा ठरला होता. आता खरा नवरंग बोलला तरी मुकादम त्यालेच धरनार, अन् नदी कोनासाठी थांबत नाई, हेच माह्या डोक्यात फिरत होतं.

*

अन् आता तो किस्सा, ज्याच्यासाठी बाकीचे सांगितले.

आमी दुपारचं जेवाले बसलो होतो. मुकादमानं उकंड्याले मुद्दाम आपल्या समोर बसवलं होतं. वारा पडलेला, अंग नुसतं चिकट झालेलं. अन् शीळ आली.

साऱ्यायच्या माना उकंड्याकडं फिरल्या. झिंगराजीचा हात काठीकडं गेला. उकंड्याचे दोन्ही हात समोर दिसत होते, अन् तोंडात भाकर. गाल फुगलेले. त्यानं तोंड उघडून दाखवलं, भाकर अन् ठेचा.

शीळ पुन्हा आली.

झिंगराजीनं वर पाहिलं. झाडीतून आभाळ कुठं दिसते? पन सांज झाल्यावानी अंधारून आलं होतं. त्यानं हातातली अर्धी भाकर खाली ठेवली.

"जुपा," तो म्हने.

सिपनेवर पोचलो तवा वरच्या पहाडातलं पानी आलं होतं, चाकाच्या आसापर्यंत. एकेक बंडी पार झाली. शेवटी उकंड्याची. अन् बरोबर मधात त्याचा डावा बैल बसला. आमी काठावरून ओरडून राहिलो, पन पाय कोनाचा उचलेना. उतरला कोन, तर सुपाजी. देवाचं नाव घेत गेला, बैलाची शेपटी पिरगाळली, अन् बैल उठला. आमी चढावर आलो तवा मागं नदीचा आवाज बदलला होता. वळून पाहाले कोनी थांबलं नाई.

अकोल्यात उकंड्याच्या दारात पोचलो तर सुईन आत गेलेली. तो उंबऱ्यावर बसला, बैल बंडीलेच जुपलेले. लेकरू रडलं, तसा हाबी मोठ्यानं रडला. आतून सरूचा आवाज आला, "आले काय?"

बारशाले झिंगराजी आपली बंडी घेऊन आला, अंगनात सोडली, अन् आमच्यात ओसरीवर बसला. घुगऱ्या वाटल्या. पन त्याचं मन कापसाच्या गठडीतून निघालंच नव्हतं.

"उकंड्या," तो म्हने, "आता पोरीची शपथ हाय. खरं सांग. तोंडात भाकर असताना शीळ वाजते काय?"

उकंड्यानं घुगऱ्यायचा मोठा बोकना भरला. दोन्ही हात मांडीवर ठेवले, अन् मान हालवून नाई म्हटलं.

तेवढ्यात शीळ आली. दोन सुरांची, साफ. भर दुपारी, जुन्या शहरात, जिथं चिमन्या अन् कावळ्याबिगर पाखरू नाई. आत पाळन्यापाशी बाया गानं म्हनता म्हनता थांबल्या. आमी साऱ्यायनं उकंड्याकडं पाहिलं. त्याचे गाल फुगलेलेच होते.

झिंगराजी उठला, अंगनात गेला, अन् आभाळाकडं पाहत बैल जुपाले लागला.