उंबऱ्याजवळची फरशी

सिद्रामअण्णांनी चपला बाहेर काढल्या, डोळे मिटले आणि माझ्या हॉलमध्ये अनवाणी चालायला लागले. चार पावलं टाकायची, थांबायचं, टाच आपटायची, पुन्हा चार पावलं. मी घड्याळाकडे बघत उभा. माणूस काम करायला आलाय की प्रदक्षिणा घालायला, तेच कळेना!

"फरशी पायाला बोलती, सायेब," ते म्हणाले. "डोळं उगडं असलं की ऐकू येत न्हाय."

अण्णा जवळच्या कुंभारी गावाहून मोपेडवर यायचे. घरात कानडी, आमच्याशी मराठी. जुन्या टाइल्स न फोडता त्यांच्यावर व्हिनाइलची शीट बसवण्यात त्यांचा हात धरणारा सोलापुरात कुणी नव्हता. मला तेच हवं होतं. माझी बायको सुमन ह्याच गुळगुळीत टाइल्सवरून घसरली होती. खुब्याचं ऑपरेशन झालं होतं आणि शनिवारी ती वॉकर घेऊन घरी येणार होती. ती पुन्हा पडली तर? हा एकच विचार मला बसू देईना, उभं राहू देईना. तशी ती मला लग्नापासूनच 'उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग' म्हणत आलीय.

अण्णांना मात्र कसली म्हणून घाई नाही. टाइल खालून पोकळ वाटली की तिच्यावर खडूनं फुली. मग तेवढीच फोडायची, सिमेंटचा माल भरायचा, वाळू द्यायचा. शीटचा गुंडाळा उलगडून दिवसभर नुसता पसरून ठेवला, तेव्हा तर माझं डोकंच फिरलं.

"अहो, लावा की आता!"

"तडीरी, सायेब, थांबा. शीटलाबी घर बघू द्या की. पोकळ जाग्यावर लावली तर वरनं लई झ्याक दिसंल, पर एक दिस टाइल खचंल आन् वैनींचा पाय मुरगाळंल."

शुक्रवारी सकाळी सगळं भरून, वाळून झालं. अण्णांनी पुन्हा अनवाणी फेरी मारली आणि झोपायच्या खोलीच्या उंबऱ्याजवळ थबकले. आणखी एक फुली! ते माल आणायला बाहेर गेले. म्हणजे आजचा दिवस गेला, उद्या सुमन येणार. मी ओलं फडकं आणलं आणि फुली पुसून टाकली. हो, मीच.

अण्णा परतले आणि उंबऱ्याजवळ घुटमळले. "हितं एक खूण केली हुती न्हवं?"

"कालच भरलीत ती, अण्णा."

"व्हय? वय झालं बगा," असं म्हणून ते ओशाळं हसले. संध्याकाळपर्यंत शीट बसली, आरशासारखी सपाट.

शनिवारी सकाळी, न बोलावता, अण्णा पुन्हा दारात. चपला काढल्या, डोळे मिटले. उंबऱ्याजवळ टाच आपटली आणि डोळे उघडून माझ्याकडे बघितलं. नुसतं बघितलं. तेवढ्यात हॉस्पिटलातून सुमनचा फोन आला. डिस्चार्ज मिळाला होता. मी त-त-प-प करायला लागलो, तसा अण्णांनी फोन मागून घेतला.

"वैनी, दोन दिस कुणा पावन्याकडं ऱ्हावा. माजी एक फरशी ऱ्हायली. चूक माजी हाय."

मी शेजारीच उभा होतो आणि गप्प राहिलो. त्यांनी शीट उचलली, टाइल फोडली, माल भरला. मला एका शब्दानं बोलले नाहीत. ते बोलले असते तर बरं झालं असतं.

चार वर्षं झाली. सुमन त्या उंबऱ्यावरून दिवसातून पन्नासदा जाते, एकदाही अडखळलेली नाही. गेल्या महिन्यात अण्णा वारल्याचं कळलं. परवा शेजारच्या कुलकर्णीबाई आमची फरशी बघायला आल्या, तेव्हा सुमन त्यांना सांगत होती, "हात सोन्याचा होता हो अण्णांचा. फक्त वयामुळं विसरायला लागले होते. आमच्याकडेच एक फरशी राहिली होती."

"विसरले नव्हते," मी म्हणालो. "खूण मी पुसली होती. वर खोटंही बोललो."

कुलकर्णीबाई चहा अर्धा ठेवून उठल्या. सुमननं सपाता काढल्या आणि त्या उंबऱ्याजवळ अनवाणी जाऊन उभी राहिली.

"जा कुंभारीला," ती म्हणाली. "त्यांच्या बायकोला सांगून या. आत्ताच्या आत्ता."

जन्मभर घाई करणारा मी. पण चप्पल घालायला त्या दिवशी मला फार वेळ लागला.