गरम पोतं

उंब्रजच्या आकाराम मिस्त्रीचा उजवा हात कोपरापर्यंत कायमचा करडा. साबणानं जात नाही, वजरीनं घासून जात नाही. त्याची बायको अंजना म्हणायची, "लग्नातली हळद बी ह्या हातावर बसली न्हाई." ते खरंच होतं म्हणा, कारण हळदीच्या सकाळीसुद्धा हा गडी कुणाच्या तरी जोत्यावर दोन तास काम करून आला होता.

पण त्या हाताला पंचक्रोशीत मान होता. स्लॅबच्या दिवशी नारळ फुटला, मिक्सरला हळदकुंकू लागलं की पहिलं पोतं आकारामपुढं यायचं. तो पोत्याचं तोंड उसवायचा, कोपरापर्यंत हात आत घालायचा आणि डोळे मिटायचा. सगळी मंडळी गप्प. घरधनी तर असा उभा की आत बायकोचं बाळंतपण चाललंय. मग आकाराम डोळे उघडायचा आणि म्हणायचा, "गार हाय. घ्या." एवढं ऐकलं की मिक्सर गरगरायला लागायचा. कधी "गरम हाय" म्हणाला तर सगळा माल परत. त्याच्या उस्तादानं त्याला एवढंच शिकवलं होतं, की सिमेंट हाताला गार लागलं तर चांगलं, ऊन लागलं तर ते ओल लागून आतल्या आत पिकलेलं.

सिमेंटच्या बाबतीत तो इतका कडक का, तर त्याचं मूळ कोयनेच्या अंगाला. सदुसष्टच्या भूकंपात तो नऊ वर्षांचा होता. कोयनानगरच्या वरच्या बाजूला त्यांचं घर, दगडमातीचं. भिंत आली ती थोरल्या बहिणीच्या अंगावर. पुढं बाप बिऱ्हाड घेऊन उंब्रजला उतरला, चौथीत शाळा सुटली, आणि पोरगं गवंड्यांत सामील झालं. आपण बांधू ते हललं तरी पडणार नाही, एवढी एकच गोष्ट त्यानं मनाशी धरली. म्हणून चाळीस वर्षं त्यानं एकच सिमेंट वापरलं. डमरू छाप. देवाची मूर्ती बदलत नाहीत तसं त्यानं पोतं बदललं नाही.

आता धन्यकुमारचं सांगितलं पाहिजे. धन्यकुमार इस्लामपूरचा, सिमेंट-सळईचा दुकानदार. दुसरं दुकान उंब्रजला हायवेच्या कडेला. पंचवीस वर्षं हा डमरू विकायचा आणि तो बांधायचा. एकमेकांना धन्या आणि आक्या म्हणायचे, तेही पोरंसोरं मोठी झाल्यावर. धन्यकुमार जैन, दिवस मावळल्यावर पाण्याचा थेंबसुद्धा घेणार नाही. स्लॅबच्या जेवणाला तो आला की आकारामचं अर्धं लक्ष सूर्याकडं. स्लॅब चालू असताना मिस्त्रीनं खाली उतरू नये हे आकारामनंच सगळ्यांना शिकवलेलं, पण धन्याचं ताट वाढायला हा स्वतः शिडीवरून उतरायचा.

मग धन्यकुमारनं मोरपीस छापची एजन्सी घेतली. आकारामला ते रुचलं नाही, पण तो बोलला नाही.

बोलला तो सहा वर्षांपूर्वी. जवळच्या वस्तीवर शाळेच्या दोन खोल्या बांधायच्या होत्या. धन्यकुमारनं वडलांच्या नावानं दोनशे पोती मोरपीस देणगी दिली. लॉरी कारखान्यातून थेट वस्तीवर आली. नारळ फुटला, पहिलं पोतं उसवलं, आकारामनं हात घातला आणि विंचू चावल्यासारखा बाहेर ओढला.

"गरम हाय! आरं, राख हाय ही राख! पोरांच्या डोक्यावर राख घालतूस व्हय रं धन्या?"

सरपंच होते, मास्तर होते, बायाबापड्या होत्या. धन्यकुमारनं चष्मा काढला, पुसला, पुन्हा डोळ्यांवर चढवला आणि गाडीत जाऊन बसला. लॉरी फिरली. कराडच्या एका गोडाऊनमधून डमरूची पोती आली, त्यांत हात गेला, माल गार लागला, स्लॅब ओतला गेला. गोष्ट एवढ्यावर राहिली असती तर बरं. पण आकाराम मिस्त्रीचा शब्द म्हणजे गावोगाव पोचणारा. उंब्रजच्या दुकानाला लोक 'राखेचं दुकान' म्हणायला लागले. दीड वर्षात धन्यकुमारच्या पोरानं, अतिशयनं, तिथलं शटर ओढलं ते कायमचं. तेव्हापासून आकाराम धन्यकुमारला भेटला की "काय शेठ" एवढंच म्हणायचा. पंचवीस वर्षं धन्या म्हणणाऱ्या तोंडून ते शेठ ऐकण्यापेक्षा एक मुस्काटात परवडली असती.

आणि आपण चुकलो असं आकारामला एक दिवससुद्धा वाटलं नाही.

यंदाच्या हिवाळ्यात डमरूच्या कंपनीनं चाळीस मिस्त्री कारखाना दाखवायला न्यायचे ठरवले. सोलापूरच्या पलीकडं, एका दिवसात जाऊन यायचं. डमरूचा सगळ्यात जुना मिस्त्री म्हणून आकारामचा फेटा बांधून सत्कार होणार होता. पहाटे बस निघाली, इस्लामपूरला थांबली, आणि आत चढला कोण, तर धन्यकुमार.

"ह्यो कसा काय हितं?" आकारामनं शेजारच्या पप्पूला विचारलं. पप्पू सेंट्रिंगवाला, आकारामच्या स्लॅबखाली फळ्या ठोकता ठोकता म्हातारा व्हायला आलेला.

"आवं मिस्त्री, डमरूचा आन मोरपीसचा मालक एकच झालाय म्हणं. कुठल्या मोठ्या कंपनीनं दोनी घेतल्यात."

"मालक एक आसंल. म्हणून म्हशीचं आन शेळीचं दूध एक हुतंय व्हय रं?"

"मला काय इचारताय? मी फळ्या ठोकतो."

मागच्या बाकावरून धन्यकुमारचा आवाज आला, "पप्पू, मिस्त्रींना म्हणावं खिडकी लावा. गार वारं येतंय."

"शेठना सांग, गारच चांगलं आसतंय," आकाराम पुढं बघत म्हणाला. सगळी बस हसली. धन्यकुमारही हसला असावा, पण आकारामनं वळून बघितलं नाही.

कारखान्यात पोचल्यावर सगळ्यांच्या डोक्यावर हेल्मेटं चढली. पप्पूनं टोपी न काढताच वर हेल्मेट ठेवलं, ते डोक्यावर घागर धरावी तसं डुलत होतं. दाखवायला होती शिवांजली, तासगावकडची पोरगी, इंजिनिअर. तिनं आधी काळपट खड्यांचा डोंगर दाखवला. चुनखडी भाजून हे खडे होतात, लांबून रेल्वेनं येतात, इथं दळतात. मग एक उंच टाकी दाखवली.

"ही वीज केंद्रातली राख. दळताना मिसळतो."

आकारामनं कोपरानं पप्पूला ढोसलं. "ऐकलंस? ही मोरपीसची."

"दोन्हींची, आजोबा," शिवांजली म्हणाली.

पोरगी नवी आहे, तिला काय ठाऊक, असं मनाशी म्हणत आकाराम पुढं चालला. तिथून सगळे पोती भरायच्या जागी आले. मोठं गोल यंत्र फिरत होतं, त्याला आठ नळ्या. कामगार रिकामं पोतं नळीला अडकवायचा, यंत्र एक गिरकी घ्यायचं आणि भरलेलं पोतं पट्ट्यावर धपकन पडायचं. पोत्यांवर डमरू. आकारामला भरून आलं. चाळीस वर्षं ज्याला मानलं त्याचं जन्मठिकाण बघत होता तो.

तेवढ्यात घंटा झाली. यंत्र थांबलं. कामगारानं उरलेली रिकामी पोती उचलून बाजूला ठेवली, दुसरा गठ्ठा ओढला, दोरी कापली आणि पहिलं पोतं त्याच नळीला अडकवलं. यंत्र फिरलं. पट्ट्यावर धपकन पोतं पडलं. त्यावर मोरपीस.

आकाराम बघतच राहिला. त्याला वाटलं, आता कुठला तरी खटका ओढतील, दुसरा पाइप जोडतील. कुणी काही ओढलं नाही. एक पडलं, दुसरं पडलं, दहावं पडलं.

"पोरी," त्यानं शिवांजलीला विचारलं, "सिमेंट बदललं कवा?"

"बदललं नाही आजोबा. माल तोच. ऑर्डर येईल तसं पोतं बदलतो."

"कदीपास्नं?"

"कंपनी घेतली तेव्हापासून. सात वर्षं झाली की. देशात लागतं त्याहून जास्त दळायची ताकद आहे आता सगळ्यांकडं. छोट्या कंपन्या मोठ्यांनी घेतल्या. जुन्या नावाचं गिऱ्हाईक सुटू नये म्हणून नावं तेवढी ठेवली."

सात वर्षं. शाळेची लॉरी फिरवली त्याला सहा झाली होती. आकारामनं बोटांवर मोजलं, पुन्हा मोजलं. मग तो पट्ट्याकडं गेला. थोडी डमरूची पोती अजून तिथंच होती. त्यानं उजवा हात एका पोत्यावर टेकवला आणि झटकन मागं घेतला.

पोतं गरम होतं. कोमट नव्हे, चुलीजवळच्या भिंतीसारखं गरम.

"हे... हे गरम लागतंय गं!"

"लागणारच. आत्ता दळून आलंय. चक्कीतलं पीठ गरम नसतं का? गोडाऊनला पंधरा दिवस, महिना पडलं की गार होतं. उलट गार लागलं तर तारीख बघावी, किती जुनं आहे ते."

"आन राख? राखेनं हलकं हुतंय ना?"

"नाही हो. पाणी जरा जास्त दिवस मारावं लागतं, एवढंच. मग चांगलं घट्ट होतं. तुम्ही किती दिवस मारता?"

"एकवीस," पप्पूनंच उत्तर दिलं. तिथल्याच एका उलट्या घमेल्यावर आकाराम खाली बसला. चाळीस वर्षं कोपरापर्यंत हात घालून त्यानं काय ओळखलं होतं? शिळं सिमेंट. ताजा माल वस्तीवरून परत पाठवला होता आणि पोरांच्या डोक्यावर गोडाऊनमधला जुना घातला होता. तो स्लॅब उभा होता, धड होता, पण ती पुण्याई पाण्याची. हाताची नव्हे.

शेजारी कुणीतरी येऊन उभं राहिलं. बूट बघूनच त्यानं ओळखलं.

"तुला म्हाईत हुतं?"

"व्हय," धन्यकुमार म्हणाला. "सांगायला आलो हुतो तुझ्या दारात. दोनदा. अंजनावैनी म्हणाल्या, घरात न्हाईत. तुझ्या चपला बाहेरच हुत्या."

आकारामनं मान खाली घातली. चपला त्याच्याच होत्या.

दुपार कलल्यावर मांडवात सत्कार सुरू झाला. डोक्यावर केशरी फेटा, समोर कॅमेरा. कंपनीच्या माणसानं त्याला वाक्य पाठ करून दिलं होतं, 'डमरू म्हणजे भरवसा.' आकारामनं माईक धरला. गप्प बसलं असतं तर कुणाला काही कळलं नसतं. पंचक्रोशीत मान तसाच राहिला असता, आणि इस्लामपूरच्या माणसाच्या कपाळावरची राखही तशीच राहिली असती.

"गड्यांनो," तो म्हणाला, "मी सहा वर्सामागं भरल्या लोकांत ह्या धन्यकुमारला राख इकणारा म्हटलं. त्याचं दुकान बुडालं. आज बघितलं, त्याचा माल ताजा हुता आन मी आडाणी हुतो. ज्यानं ज्यानं माझं ऐकून त्याला नावं ठेवली, त्यानं गावात जाऊन सांगा, आकाराम मिस्त्री चुकला."

कॅमेरावाल्या पोरानं साहेबाकडं बघितलं. साहेब मानेनंच नको नको म्हणत होता. मागून कुणीतरी ओरडलं, "मिस्त्री, मग आमी वापरायचं काय?"

"पोत्यावरची तारीख बघा आन पाणी मारा. चित्राच्या पाया पडू नका. मी चाळीस वर्सं पडलो."

हशा झाला, टाळ्याही झाल्या. धन्यकुमारनं चष्मा काढला आणि पुसत बसला. बराच वेळ पुसत होता.

आकाराम खाली उतरला तो सरळ जेवणाच्या मांडवात. "आवं, वाढपी कोण हाय? कांदा-लसूण नसलेलं काय हाय ते काढा. सूर्य बघा कुठं गेला! जैन माणूस उपाशी ऱ्हाईल." फेटा तिरका झालेला, हातात ताट, असा तो आला आणि ताट धन्यकुमारच्या पुढ्यात ठेवलं.

धन्यकुमारनं घास घेतला. "उंब्रजचं दुकान आता उघडत न्हाई, आक्या. अतिशय पुण्याला नोकरीला लागला."

आकारामनं समोर बसून पाण्याचा तांब्या त्याच्याकडं सरकवला. मग म्हणाला, "माजा पोरगा वीरधवल मिल्ट्रीतनं सुट्टीवर आलाय. पुढच्या आयतवारी माज्या घराचा वरचा स्लॅब हाय. माल तुज्याकडनं पायजे, धन्या."

"कुठलं धाडू? डमरू का मोरपीस?"

आकारामनं आपल्या करड्या हाताकडं बघितलं.

"कुठलं बी धाड. पण गरम हाय तवर धाड."